भरपाई देता येईल, म्हणे!

२०२३ च्या नोव्हेंबरात सेनगाव तालुक्यातल्या गोरेगावच्या काही शेतकऱ्यांनी मुख्यमंत्र्यांना पत्र धाडले. आमचे मूत्रपिंड घ्या, यकृत घ्या, डोळे घ्या आणि त्या पैशातून बँकेचे पीककर्ज वळते करून घ्या, अशी त्यांची मागणी होती. सोयाबीनवर पिवळा मोझॅक पडला होता आणि जो माल हाती लागला त्याला भाव नव्हता. कोणत्या अवयवाला किती, तेही त्यांनी सांगून टाकले होते. हिंगोली जिल्ह्याच्या त्याच तालुक्यातल्या ताकतोडा गावाने २०१९ मध्ये अख्खे गाव विकायला काढले होते. दोन्ही वेळा वर्तमानपत्रांत फोटो आले, वाहिन्यांवर एक-दोन दिवस गाजावाजा झाला आणि शहरातल्या सुशिक्षितांनी 'स्टंट आहे झालं' म्हणून पान उलटले.

स्टंट म्हणा हवे तर. पण ज्या हिशेबाने आपण देशाची प्रगती मोजतो, त्याच हिशेबाने गोरेगावचा प्रस्ताव तपासून पाहा. रुग्णाला मूत्रपिंड मिळेल, तो जगेल. शेतकऱ्याचे कर्ज फिटेल. बँकेचे थकीत खाते बंद होईल. कुणी कुणावर जबरदस्ती केलेली नाही, दोन्ही बाजू राजी आहेत. विल्फ्रेदो पारेतो या इटालियन अर्थशास्त्रज्ञाने शंभराहून अधिक वर्षांपूर्वी एक कसोटी घालून दिली: कुणाचेही नुकसान न करता कुणाचे तरी भले होत असेल तर तो बदल चांगला, आणि असा एकही बदल करायचा शिल्लक राहिला नसेल तर ती व्यवस्था कार्यक्षम. या कसोटीवर गोरेगावचा सौदा पहिल्या वर्गात उत्तीर्ण होतो. १९९४ च्या मानवी अवयव प्रत्यारोपण कायद्याने तो गुन्हा ठरवला आहे म्हणून बरे, नाही तर सेनगावच्या बसस्थानकासमोर दलालांच्या पाट्या लागल्या असत्या. त्या कायद्याला एवढे कळते की ज्याच्या गळ्याशी आले आहे, त्याच्या होकाराला होकार म्हणत नाहीत. मूत्रपिंडापुरते सुचलेले हे शहाणपण उचल घेणाऱ्या मजुराच्या अंगठ्यापाशी आल्यावर कुठे जाते?

मराठवाड्यातल्या इतर जिल्ह्यांप्रमाणे हिंगोलीच्या तांड्यांवरूनही दिवाळीच्या सुमारास माणसे ऊसतोडीला जातात. मुकादमाची उचल आधीच घेतलेली असते, बहुधा मागच्या देण्यात जिरलेलीही असते. नवरा-बायको मिळून एक कोयता. कामावर गेले नाही तर खाडा, म्हणजे दंड. बाईच्या पाळीचा दिवसही खाडाच. बीड जिल्ह्यात याचा शेवट कुठे झाला, ते नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीने २०१९ मध्ये पाहिले. तपासलेल्या ८२ हजारांवर ऊसतोड स्त्रियांपैकी १३ हजारांवर स्त्रियांची गर्भाशये काढलेली होती. हंगामाच्या वहीत मात्र यात खोट दिसणार नाही. बाईचे खाडे कमी, कोयत्याची तोड जास्त, कारखान्याचे गाळप वेळेवर, साखर स्वस्त. मुकादमाने सुरी उगारली नव्हती, बाईने स्वतःच सही केली होती. आपण तिच्या सहीवर विश्वास ठेवून चहात साखर ढवळत बसलो.

पारेतोच्या कसोटीतली खरी मेख वेगळीच आहे, आणि ज्यांचे आजोबा-पणजोबा गावकुसाबाहेर राहिले त्यांना ती लगेच कळेल. कुणाचेही नुकसान होता कामा नये, अशी तिची अट. मग वेठबिगार बंद करा म्हटले की फुकट राबवून घेणाऱ्याचे नुकसान होते. कुळाला जमीन द्या म्हटले की मालकाचे होते. हिंगोली आधी निजामाच्या राज्यात होती; पोलीस कारवाईनंतर १९४९ मध्ये जहागिऱ्या गेल्या, १९५० मध्ये हैदराबादचा कूळकायदा आला. जहागीरदाराचा तोटा झाला, म्हणजे कसोटीवर दोन्ही नापास. १९२८ मध्ये बाबासाहेब आंबेडकरांनी मुंबई कायदेमंडळात वतनाच्या कायद्यात दुरुस्तीचे विधेयक आणले. महाराने गावाची कामे करायची ती हक्काच्या मोबदल्यावर, अंगावर लादलेल्या गुलामीवर नव्हे, असा त्याचा रोख होता. गावाला फुकटचा राबता हात गमवावा लागणार होता, म्हणून गाव खवळले. त्या खवळलेल्या गावाला इंग्रजी येत असते तर त्याने पारेतोचा दाखला दिला असता. अर्धी वस्ती उपाशी आणि अर्धी मेजवानीत असली तरी मेजवानीतले एक ताट कमी केल्याशिवाय उपाशाला घास देता येत नसेल, तर ही कसोटी त्या व्यवस्थेला कार्यक्षमच म्हणेल. अमर्त्य सेन यांनी हे १९७० च्या सुमारास स्पष्ट लिहून ठेवले आणि त्यांना १९९८ मध्ये नोबेलही मिळाले. आपण पेढे वाटले आणि मुद्दा विसरलो.

अर्थशास्त्र नेहमीच इतके कोरडे नव्हते. आर्थर पिगू यांच्या १९२० सालच्या ग्रंथात साधा विचार होता: श्रीमंताच्या खिशातला रुपया गरिबाकडे गेला आणि देशाची एकूण कमाई घटली नाही, तर समाजाचे कल्याण वाढते. उपाशाला रुपयाची किंमत अधिक, हे कुठल्याही आजीबाईने सांगितले असते. १९३२ मध्ये लायोनेल रॉबिन्स यांनी त्यावर बोट ठेवले. एकाचे सुख आणि दुसऱ्याचे दुःख एका तागडीत तोलता येत नाही, ते विज्ञानात बसत नाही, असे त्यांचे म्हणणे. तर्क म्हणून त्यात दम होता. पण त्याचा उपयोग काय झाला? भुकेची आणि मेजवानीची तुलना करायची नाही, असा सोवळेपणा पंडितांना लाभला. आपल्याकडे जातीच्या सोवळ्याने जे काम शतकानुशतके केले, ते इथे शास्त्राच्या सोवळ्याने केले. शिवायचे नाही, पाहायचे नाही, बोलायचे नाही.

पण तुलनाच करायची नाही तर धरण बांधायचे की नाही हे ठरवणार कसे? प्रत्येक कामात कुणाचे तरी घर बुडतेच. १९३९ मध्ये निकोलस काल्डोर आणि जॉन हिक्स यांनी यातून वाट काढली. ज्यांचा फायदा झाला त्यांनी नुकसान झालेल्यांची भरपाई केली आणि तरीही त्यांच्याकडे काही उरले, तर ते काम कार्यक्षम. इथपर्यंत कुणीही मान डोलवील. पुढची ओळ मात्र नीट वाचायची: भरपाई प्रत्यक्ष द्यायलाच हवी असे नाही. देता येईल एवढी शिल्लक निघाली की पुरे. द्यायची की नाही हा राजकारणाचा प्रश्न, अर्थशास्त्रज्ञाने त्यात पडू नये. सावकाराने आपली तिजोरी उघडून दाखवावी, तुझे देणे देण्याइतका पैसा माझ्याजवळ आहे असे म्हणावे, आणि तेवढ्यावर देणे फिटल्याची पावती लिहून घ्यावी, तसा हा प्रकार आहे. या पावतीवर जगातली धरणे, महामार्ग, खाणी आणि विमानतळ उभे आहेत. अमेरिकेने १९३६ च्या पूरनियंत्रण कायद्यात तर आधीच लिहून टाकले होते की फायदा कुणाच्याही पदरात पडो, बेरीज खर्चापेक्षा मोठी आली म्हणजे झाले.

आपल्या पाटबंधाऱ्यांचा हिशेब याच वळणाचा. खर्चाच्या दीडपट फायदा निघाला तर प्रकल्प पात्र. अवर्षणप्रवण भागाला सूट म्हणून एकास एक चालेल. पूर्णेवर साठच्या दशकात येलदरी आणि सिद्धेश्वर ही धरणे झाली. येलदरीचा जलाशय सेनगावच्या सीमेला भिडलेला आहे आणि सिद्धेश्वर औंढा तालुक्यात आहे. कालवे निघाले ते खाली वसमतकडे, परभणीकडे, नांदेडकडे. पाण्याने उताराने जावे हे निसर्गाचेच आहे, त्यावर रुसण्यात अर्थ नाही. पण सपाट काळ्या जमिनीत एकरी उत्पन्न जास्त, म्हणून फायद्याचा आकडा मोठा, आणि सेनगावच्या मुरमाड माळावर पाणी चढवायचे तर खर्च जास्त, म्हणून आकडा लहान, हे निसर्गाचे नव्हे. हा आपण निवडलेल्या फूटपट्टीचा निकाल आहे. ज्याची जमीन आधीच चांगली त्याला पाणी, आणि ज्याची वाईट त्याला तुझी जमीनच वाईट असा दाखला. पुढे वसमतमध्ये कालव्याखाली हळद आली, ऊस आला, साखर कारखाना आला. वरच्या माळावरच्या माणसाला त्यातला कोणता हिस्सा मिळाला? मजूर म्हणून खाली उतरून काम करण्याची संधी मिळाली.

राज्यातला प्रादेशिक अनुशेष मोजायला १९८३ मध्ये वि. म. दांडेकर यांची समिती नेमली गेली, तेव्हा त्यांनी वेगळी फूटपट्टी घेतली होती हे इथे सांगायला हवे. बेरीज किती वाढली हे न विचारता त्यांनी विचारले, राज्याच्या सरासरीपेक्षा कोणता जिल्हा किती खाली आहे? १९८४ मध्ये त्यांनी ३,१८६ कोटींचा अनुशेष पुढे ठेवला. मोठे काम होते. मात्र त्यांच्या हिशेबाचे एकक जिल्हा होते, आणि हिंगोली जिल्हा जन्माला आला १ मे १९९९ रोजी. तोवर सेनगावची कोरड वसमतच्या कालव्यात मिसळून परभणीची सरासरी निघत राहिली. हा अनुशेष दूर करण्यासाठी १९९४ मध्ये आलेल्या वैधानिक विकास मंडळांची मुदत एप्रिल २०२० मध्ये संपली. मंडळे गेली म्हणून मराठवाड्यात किती मोर्चे निघाले, ते ज्याने त्याने आठवून पाहावे.

आता नागपूर-गोवा शक्तिपीठ महामार्ग. जाहीर झालेल्या आराखड्यात लांबी ८०२ किलोमीटर, जिल्हे बारा, खर्च ८६ हजार कोटींच्या पुढे. अठरा तासांचा प्रवास आठ तासांवर येईल असे सांगितले जाते. हिंगोली जिल्ह्यात आखणी वसमत आणि कळमनुरी तालुक्यांतली, म्हणजे नेमकी ओलिताखालची जमीन, आणि तिथल्या शेतकऱ्यांनी विरोधही केला. आखणी कुठे सरकेल, दर काय ठरेल, हे चालत राहील. मला बोलायचे आहे ते सातबाऱ्यावर ज्याचे नावच नाही त्याच्याबद्दल.

वसमतकडे हळदीची काढणी पाहिलेल्याला हे वेगळे सांगावे लागणार नाही. पाला आधी कापून घेतात, मग ट्रॅक्टरने सरी उकरतात, आणि त्या उकरलेल्या ढेकळांमागून बायकांची रांग सरकत जाते. कंद आपटून माती झाडायची, गड्डे एका ढिगात, हळकुंडे दुसऱ्या ढिगात. नखांत पिवळी माती भरलेली, कंबर दुपारपर्यंत ताठ होत नाही. मग माल कुकरमध्ये वाफेवर शिजतो, खळ्यावर दहा-पंधरा दिवस वाळतो, ढोलात फिरून पॉलिश होतो आणि बाजार समितीत येतो. वेचणी बहुतेक गुत्त्याने. या हळदीला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. पोत्यावर वसमतचे नाव आले, वेचणारीचे कुठेच नाही. उद्या त्या सरीवरून रस्ता गेला तर मालकाला २०१३ च्या भूसंपादन कायद्याने ग्रामीण भागात बाजारभावाच्या चौपटीपर्यंत मोबदला मिळू शकतो. तो कमी की जास्त यावर भांडायला त्याच्याकडे वकील आहे, आमदार आहे, नातलग आहेत. बाईचा मात्र हंगाम जातो. त्याच कायद्याच्या व्याख्येत तीन वर्षांपासून त्या जमिनीवर राबणारे शेतमजूर आणि बटाईदारही बाधित कुटुंबांत धरले आहेत, ही गोष्ट गावात किती जणांना ठाऊक असते? आणि ठाऊक असली तरी गुत्त्याने काम केल्याची पावती कुठून आणायची? थेट खरेदीचा मार्ग धरला की प्रश्नच मिटतो, कारण सौदा होतो तो सातबाऱ्यावरच्या माणसाशी.

इथे पुण्या-मुंबईकडे बोट दाखवून हिंगोलीकरांना सुटता येणार नाही. महामार्गाच्या विरोधात निघालेल्या मोर्च्यात ट्रॅक्टर पुढे असतात. जमीन वाचवा ही घोषणा रास्तच आहे. पण सालगड्याला आणि वेचणीच्या बाईला काय, हे मागणीपत्रात कितव्या कलमावर येते, की येतच नाही? आडत्या, बागायतदार, गुत्तेदार, शिक्षक, आम्ही लिहिणारे, सगळ्यांनी आपापल्या नुकसानीची यादी सविस्तर केली आहे. गावातल्या सर्वांत स्वस्त माणसाचे नुकसान मोजायची वेळ आली की आपल्यालाही काल्डोरसाहेब आठवतात.

अशा रस्त्यांचा फायदा मोजतात तरी कसा? मोठा वाटा असतो वाचलेल्या वेळेचा. प्रवाशाचा एक तास वाचला तर त्याची किंमत रुपयांत लावायची आणि बेरजेत धरायची. भारतीय रस्ते काँग्रेसच्या मूल्यमापन पद्धतीत मोटारीतल्या प्रवाशाचा तास बसमधल्या प्रवाशाच्या तासापेक्षा महाग धरतात, कारण त्याची कमाई जास्त. हिशेबाच्या दृष्टीने यात चूक काढता येणार नाही. माणसे सारखी नाहीत ही चूक आपली, हिशेबनीस फक्त ती उतरवून घेतो. पण मग डोक्यावर हंडा घेऊन एप्रिलमध्ये सेनगावच्या माळावर चालणाऱ्या मुलीचा तास कितीला? तिला कमाई नाही, म्हणून शून्य. तिचे रोजचे दोन तास वाचवणारी नळयोजना आणि मोटारीचे दहा तास वाचवणारा महामार्ग एकाच खजिन्याच्या दारात उभे राहिले, तर आत कुणाला बोलावणार हे बेरजेने आधीच ठरवून ठेवलेले असते. याच जिल्ह्यात, औंढा तालुक्यातल्या दुधाळ्याला, गुरुत्वलहरी पकडणारी लायगो वेधशाळा होते आहे. केंद्राने २०२३ मध्ये तिला २,६०० कोटी मंजूर केले. प्रोटॉनच्या व्यासापेक्षा हजारो पट लहान थरथर ते यंत्र टिपणार. व्हावी, अवश्य व्हावी, हिंगोलीच्या पोरांनी तिथे नोकरीला लागावे. पण एका मुलीचे दोन तास टिपणारे यंत्र आपल्याला अजून परवडलेले नाही, हेही तिथे पाटीवर लिहून ठेवावे.

भरपाई प्रत्यक्ष देणे अशक्य असते, हे बोलायचे काम नाही. याच महाराष्ट्राने ती एकदा दिली होती. १९६५ मध्ये वि. स. पागे यांनी तासगाव तालुक्यात विसापूरला रोजगार हमीचा प्रयोग केला. १९७२ च्या दुष्काळात मराठवाड्यातल्या लाखो लोकांनी खडी फोडली, पाझर तलाव बांधले, आणि लोक उपासमारीने मरण्याऐवजी कामावर जगले. १९७७ मध्ये हमीचा कायदा झाला, १९७९ मध्ये तो अमलात आला. मागेल त्याला काम, नाही दिले तर बेकारी भत्ता. यासाठी पैसा कुठून आणायचा? १९७५ मध्ये व्यवसाय कर बसवला: शहरात पगार घेणारा, वकिली करणारा, दवाखाना चालवणारा, दुकान चालवणारा यांनी दरसाल ठरावीक रक्कम द्यायची, तेवढीच सरकारने घालायची, आणि ती दुष्काळी गावातल्या मजुराच्या हातावर पडायची. शहराच्या वाढीत ज्यांना मिळाले त्यांनी, ज्यांचे गेले त्यांना दिले. तिजोरी नुसती उघडून दाखवली नाही, त्यातून पैसे काढून मोजले.

त्या योजनेवर टीका करणारे तेव्हाही कार्यक्षमतेच्याच भाषेत बोलत. खड्डे खणायचे आणि बुजवायचे, यातून उत्पादन काय, मजुराला सवय लागते, बागायतदाराला माणूस मिळत नाही. शेवटचा मुद्दा खरा होता आणि म्हणूनच तो सर्वांत जास्त टोचत होता. हमीच्या कामाने मजुराला, विशेषतः बाईला, 'नाही येत' म्हणण्याची सोय झाली. पुढे मस्टरवर खोटी नावे चढली, मेलेली माणसे कामावर दाखवली गेली, यंत्राने केलेले काम हाताचे म्हणून खपले. ही चोरी करायला मंत्रालयातून कुणी आले नव्हते. गावातलेच कारभारी, गावातलेच गुत्तेदार. योजना बदनाम झाली तेव्हा सुटकेचा श्वास सोडणाऱ्यांत हेच पुढे होते.

आणि तो व्यवसाय कर? घटनेच्या २७६ व्या अनुच्छेदाने त्याला कमाल मर्यादा आहे. १९८८ मध्ये ती वर्षाला २५० रुपयांवरून २,५०० रुपयांवर नेली, आणि तेव्हापासून ती तिथेच आहे. आपले पगारपत्रक काढून पाहा: दरमहा दोनशे रुपये, फेब्रुवारीत तीनशे. १९८८ मध्ये ज्या प्राध्यापकाला महिन्याला चार-पाच हजार मिळत, त्याच्या जागी आज बसलेल्याला लाखाच्या वर मिळतात. व्यवसाय कराची मर्यादा तीच. हा कर रद्द करा म्हणून व्यापारी संघटनांची निवेदने जात असतात. तो वाढवा, असे निवेदन कुठल्या कर्मचारी संघटनेने, वकील मंडळाने किंवा डॉक्टरांच्या परिषदेने दिल्याचे निदान माझ्या तरी ऐकिवात नाही.